लॉरी अँडरसन यांना नेमके काय म्हणावे?

शिल्पकलेची पदवी घेऊन व्हायोलिनकडे, तेथून पॉप संगीत, चित्रपट आणि आभासी वास्तवापर्यंत पोहोचलेल्या लॉरी अँडरसन यांची कारकीर्द एका धाग्यात कशी समजून घ्यावी, की त्या कशातच टिकल्या नाहीत असे मानावे, असा आपला प्रश्न आहे. माझ्या मते त्या आयुष्यभर एकच काम करत आल्या: गोष्ट सांगणे, आणि तीही ऐकणाऱ्याच्या कानापर्यंत आवाज कोणत्या वाटेने जातो याकडे बारीक लक्ष ठेवून.

१९४७ साली अमेरिकेतील इलिनॉय राज्यात जन्मलेल्या अँडरसन लहानपणापासून व्हायोलिन शिकल्या आणि १९७२ साली त्यांनी कोलंबिया विद्यापीठातून शिल्पकलेत पदव्युत्तर पदवी घेतली. या दोन शिक्षणांची गाठ त्यांच्या १९७४-७५ च्या एका रस्त्यावरील प्रयोगात पडते. न्यूयॉर्कमध्ये आणि पुढे इटलीतील जेनोआ येथे, बर्फाच्या लाद्यांमध्ये गोठवलेले स्केट्स पायांत घालून त्या उभ्या राहत आणि आतच स्पीकर बसवलेल्या व्हायोलिनमधून वाजणाऱ्या ध्वनिमुद्रणाशी जुगलबंदी करत. बर्फ वितळला की कार्यक्रम संपे. मैफल किती वेळ चालावी हे तेथे शिल्पच ठरवत होते.

मी स्वतः काही वर्षे स्पूलच्या टेपवर संकलनाचे काम केले असल्यामुळे १९७७ सालचे त्यांचे वाद्य मला सर्वांत जवळचे वाटते. व्हायोलिनच्या गजावरील घोड्याचे केस काढून त्यांनी तेथे आवाज मुद्रित केलेली टेप ताणून बसवली आणि घोडीच्या, म्हणजे तारा ज्यावर टेकतात त्या लाकडी पट्टीच्या, जागी टेपरेकॉर्डरचे हेड, म्हणजे टेपवरचा आवाज वाचणारा भाग, लावले. गज खाली ओढला की शब्द सुलटा ऐकू येतो, वर ढकलला की उलटा, आणि मध्येच थांबले की शब्दही अर्ध्यावर तुटतो. कापण्याच्या जागा शोधताना आम्ही टेप हाताने हेडवरून मागेपुढे ओढत असू, तेव्हा असेच विचित्र घशातले आवाज येत. पण त्यातून वाद्य होऊ शकते हे आमच्यापैकी कोणाच्या डोक्यात आले नाही.

१९७८ साली न्यूयॉर्कच्या आधुनिक कला संग्रहालयात त्यांनी एक लाकडी टेबल मांडले. त्यावर ठरावीक जागी हातांची कोपरे टेकवून तळवे कानांवर धरले, की टेबलात दडवलेला आवाज हातांच्या हाडांमधून डोक्यात ऐकू येई. टंकलेखन करता करता वैतागून डोके हातांत धरले असताना यंत्राची घरघर अशीच ऐकू आल्याने ही कल्पना सुचली, असे त्या सांगतात.

‘ओ सुपरमॅन’ हे गाणे १९८१ साली ब्रिटनमध्ये दुसऱ्या क्रमांकावर गेले, हा भाग बहुतेकांना ठाऊक असतो, म्हणून त्यावर फार लिहीत नाही. मात्र आठ मिनिटांहून लांब असलेल्या त्या गाण्याचा सगळा ठेका ‘हा’ या एकाच उच्चारावर उभा आहे, एवढे ऐकताना लक्षात ठेवावे. १९८३ साली ब्रुकलिनमध्ये दोन रात्रींत विभागून झालेला ‘युनायटेड स्टेट्स’ हा सुमारे आठ तासांचा प्रयोग मी केवळ ध्वनिमुद्रिकांवरून ऐकला आहे आणि तो अर्धाच हाती लागला असे मला वाटते, कारण मागच्या पडद्यावरील चित्रे त्यात नाहीत. निवेदन, गाणे, विनोद आणि पुन्हा निवेदन हा क्रम पाहून आपल्याला कीर्तनातील आख्यान आठवते; अर्थात त्यांचा कीर्तनाशी काही संबंध आहे असे मी म्हणत नाही.

२०१५ साली न्यूयॉर्कमधील एका प्रचंड सभागृहात त्यांनी एक भव्य बैठी आकृती उभारली आणि क्युबातील ग्वांतानामो येथील अमेरिकेच्या तुरुंगात अल्पवयीन असताना डांबल्या गेलेल्या मोहम्मद अल घरानी यांची प्रतिमा पश्चिम आफ्रिकेतील स्टुडिओतून थेट तिच्यावर प्रक्षेपित केली. घरानी यांना अमेरिकेत पाऊल ठेवण्यास बंदी होती. शिल्प, प्रक्षेपण, ध्वनी आणि कथन हे सारे येथे एकत्र आले. फक्त गोष्ट सांगण्याच्या खुर्चीवर या वेळी अँडरसन स्वतः बसल्या नव्हत्या.