उत्तर पात्राने द्यावे

नाशिक

प्रिय मित्रा,

सप्रेम नमस्कार.

परवाच्या संहितेविना रंगवलेल्या प्रयोगातला तुझा सराफ बाजारातील मुनीम मला मनापासून आवडला. कपाळावर चढवलेला चष्मा, पान उलटण्यापूर्वी जिभेला लावलेले बोट आणि गिऱ्हाईक पायरी चढताच त्याच्या चपलांकडे गेलेली नजर, हे सारे तू बाजारात बसून टिपले आहेस, हे जाणवत होते. मात्र प्रेक्षकांतून कुणी ‘आजचा भाव काय?’ असे विचारताच तू दिलेल्या चटपटीत उत्तराला हशा मिळाला, तरी ते उत्तर मुनिमाचे नव्हते, तुझे होते. विचारणारा सोने घ्यायला आला आहे की मोडायला, हे मुनिमाने आधी ताडले असते आणि मगच तोंड उघडले असते.

संहितेविना, केवळ पात्राच्या बळावर उभे राहण्याचा तुझा मार्ग मला स्टँडअपपेक्षा अवघड वाटतो, कारण एक विनोद फसला तर दुसरा तयार नसतो. पात्र तेवढे हाताशी असते. त्याला काय हवे आहे आणि कुणापुढे त्याचा आवाज खाली येतो, हे तुला ठाऊक असलेच पाहिजे.

तमाशातील बतावणीत, म्हणजे विनोदी संवादांच्या भागात, सोंगाड्याला प्रसंगाचा धागा ठाऊक असे. बाकीचे बरेचसे सोबत्याच्या बोलण्यावरून आणि समोरच्या गावावरून जागच्या जागी सुचे. तिकडे शिकागोत व्हायोला स्पोलिन यांच्या नाट्यखेळांतून आधुनिक इम्प्रोव्हची, म्हणजे संहितेविना जागच्या जागी रचल्या जाणाऱ्या नाट्याची, घडण झाली, आणि १९५९ मध्ये ‘द सेकंड सिटी’ ही विनोदी नाट्यसंस्था स्थापन करणाऱ्यांत त्यांचे पुत्र पॉल सिल्स होते. समोरच्याचे पूर्ण ऐकल्याशिवाय दोन्हीकडे निभाव लागत नाही. अमेरिकी विनोदी कलाकार अँडी कॉफमन तर टोनी क्लिफ्टन हे आपले उर्मट गायकाचे पात्र निराळाच माणूस असल्याचे सांगत आणि त्याच्या वेशात असताना स्वतःची ओळख देत नसत. त्यांचा आक्रमकपणा तू घेऊ नयेस, पण पात्रावरची ती निष्ठा अवश्य घ्यावीस.

उपजीविकेविषयी विचारलेस. केवळ तिकिटांवर येथे घर चालेल, असे मी म्हणणार नाही. सातपूर-अंबडच्या कारखान्यांची स्नेहसंमेलने आणि शाळांची नाट्यशिबिरे स्वीकार, मानधन लेखी ठरव आणि अर्धे आगाऊ घे. कालिदास कलामंदिराची घाई करू नकोस. एवढ्या मोठ्या सभागृहात मागच्या रांगेला तुझी नजर दिसणार नाही आणि प्रश्न विचारायला कुणी धजावणारही नाही.

पिंपळगावच्या कांदा लिलावातील शेतकऱ्याचे पात्र मात्र तूर्त बाजूला ठेव. त्यात बोलीची नक्कल आहे, माणूस अजून आलेला नाही. लिलावाच्या दिवशी सकाळीच तेथे जा, कांद्याचा भाव पुकारला गेल्यावर शेतकरी ट्रॅक्टरपाशी उभा राहून कुणाला फोन करतो आणि घरी कोणता आकडा सांगतो, ते पाहून ये. मग आपण त्या पात्रावर काम करायला बसू.

तुझा हितचिंतक