कावळ्याला ऐकू आलं का?

चि. सईस,
अनेक आशीर्वाद.

तुझा मेसेज वाचला. आजोबांचं दहावं तू व्हिडिओ कॉलवर पाहिलंस आणि त्यातली एकच गोष्ट तुझ्या मनात अडकून बसली. पिंड ठेवून सगळे मागे सरकले होते, कावळा समोरच्या भिंतीवर बसून नुसता बघत होता, आणि काकानं पुढे होऊन, हात जोडून ‘आईला एकटं ठेवणार नाही’ असं म्हटल्यावर तो खाली उतरला. तू विचारलंस, कावळ्याला ऐकू आलं का? त्याखाली दुसरा प्रश्न होता: पक्ष्यांवरून पुढचं कळतं असं आपल्याकडे खरंच मानतात का, आणि आई, तू मानतेस का? फोनवर हे नीट सांगता आलं नसतं, म्हणून सावकाश लिहिते आहे.

कावळ्याला काकाचं बोलणं कळलं, असं मी मानत नाही. गावकावळा माणसाच्या वस्तीतच जगतो आणि म्हणूनच माणसाला फार ओळखून असतो. अन्न दिसलं म्हणून तो लगेच झेपावत नाही. उंचावर बसतो, माणसं किती आहेत, कुठे बघताहेत, हातात काही आहे का, हे बघतो आणि मग उतरतो. घाटावर वीसपंचवीस माणसं श्वास रोखून एका कावळ्याकडे टक लावून बघत असतील तर तो उतरेल कसा? काका बोलायला लागल्यावर सगळ्यांचे डोळे त्याच्याकडे वळले, एवढा बदल कावळ्याला पुरला असावा, असा माझा अंदाज आहे.

पण काकाचं बोलणं वाया गेलं का? नाही. ते घाटावरच्या सगळ्या नातेवाइकांनी ऐकलं. उद्या आजीला कुणी एकटं ठेवायचं म्हटलं, तर ‘दहाव्याला काय बोलला होतास?’ असं विचारणारी वीस तोंडं आहेत. एरवी आपल्या घरांत असं कुणी मोकळेपणानं बोलत नाही. बहिणीचं लग्न मी करीन, कर्ज मी फेडीन, भावाशी बोलणं पुन्हा सुरू करीन, ही वाक्यं माणसं वर्षानुवर्षं गिळून बसतात आणि कावळा शिवेना म्हटल्यावर ती बाहेर पडतात. गेलेल्याची काही इच्छा राहिली असली तर कावळा शिवत नाही, ही समजूत त्यासाठी फार मोलाची आहे. कितीही वाट पाहून शिवलाच नाही तर दर्भाचा कावळा करून तो पिंडाला लावतात आणि विधी पुरा करतात. म्हणजे आपल्या जुन्या माणसांनीही पक्ष्यावर सगळं सोडलेलं नव्हतं.

याची एक वाईट बाजूही आहे, तीही सांगते. कावळा उशिरा शिवला की कुणाला तरी बोल लागतो. बहुतेक वेळा घरातल्या सुनेला, नाहीतर ज्या मुलाला परदेशातून वेळेवर पोचता आलं नाही त्याला. ‘त्यांचा जीव तुझ्यात अडकला होता’ हे वाक्य माणूस जन्मभर वागवतो. तुला कधी कुणी असं म्हणालं, तर भिंतीवरच्या त्या कावळ्याची भूक आणि भीती आठव आणि ते मनाला लावून घेऊ नकोस.

आता तुझा मोठा प्रश्न. हो, आपल्याकडे मानतात, आणि फार जुन्या काळापासून मानतात. घराजवळ कावळा ओरडला की पाहुणे येणार, हे तू आजीच्या तोंडून ऐकलंच आहेस. 13 व्या शतकात ज्ञानेश्वरांनी हाच शकुन एका विराणीत घेतला आहे. पलीकडे कावळा ओरडतोय आणि विठोबाच्या भेटीसाठी आतुर झालेला जीव त्याला म्हणतो, तुझे पाय सोन्यानं मढवीन, दहीभाताचा घास देईन, दुधाची वाटी ओठाला लावीन, पण तो येणार का ते खरं सांग. मला ही रचना इतकी आवडते की ती मनात आली तरी गळा भरून येतो. परदेशात आल्यापासून तर जास्तच.

शेतकऱ्यांचे शकुन मात्र भावनेचे नाहीत, पोटाचे आहेत. त्यांच्याकडे जरा नीट बघू.

विदर्भ-मराठवाड्यात अजून सांगतात: कावळ्यानं आंबा, करंज अशा झाडावर घरटं केलं तर पाऊस चांगला, बाभूळ-बोरीसारख्या काटेरी झाडावर केलं तर दुष्काळ. ज्योतिषी वराहमिहिराची ‘बृहत्संहिता’ ही पोथी 6 व्या शतकातली. तिच्यात कावळ्यावर एक अख्खा अध्याय आहे आणि हीच गोष्ट आहे: वैशाखात धडधाकट झाडावर घरटं झालं तर सुकाळ, वाळक्या किंवा काटेरी झाडावर झालं तर दुष्काळ. घरटं कोणत्या दिशेच्या फांदीवर आहे, पिल्लं किती आहेत, यावरूनही त्यात पावसाचे आणि सुकाळाचे अंदाज बांधले आहेत. जवळजवळ दीड हजार वर्षं लोक वैशाखात मान वर करून कावळ्याचं घरटं शोधताहेत, याचं मला फार अप्रूप वाटतं.

टिटवीचंही तसंच. ती जमिनीवरच, खड्यांमध्ये अंडी घालते. अंडी उंचवट्यावर असली तर पाऊस भरपूर, नदीच्या पात्रात खाली असली तर कमी, असं म्हणतात.

यावर मी पुष्कळ विचार केला आहे आणि मला जे वाटतं ते सांगते. कावळ्याला घरट्यासाठी आडोसा हवा. एखाद्या वर्षी त्यानं गावाजवळची बाभूळच धरली, तर कदाचित इतर झाडं सुकली, तुटली किंवा पानाविना उभी आहेत. टिटवीनं पात्रात खोलवर अंडी घातली, तर पात्र तेवढं आटलेलं आहे. म्हणजे पक्षी जे दाखवतात ते येणाऱ्या पावसाचं नसून गेल्या पावसाचं असतं. गेलं वर्ष कोरडं होतं, पाणी खाली गेलंय, झाडं थकली आहेत, ही बातमी खरी आहे आणि शेतकऱ्याच्या कामाची आहे. तिच्यावरून पुढचा पाऊस सांगणं ही आपली भर. पुढचा पाऊस पॅसिफिक महासागराचं पाणी किती तापलंय इथपासून कितीतरी गोष्टींवर ठरतो आणि कावळ्याला त्या कळायचा काही मार्ग मला दिसत नाही. भारतात मोसमी पावसाचा सरकारी दीर्घकालीन अंदाज 1886 साली पहिल्यांदा निघाला. तेव्हापासून इतकी माणसं आणि यंत्रं राबताहेत, तरी तो अंदाज अधूनमधून चुकतो. मग ज्या काळी हवामान खातं नव्हतं, तेव्हा उन्हानं भेगाळलेल्या रानात उभ्या असलेल्या माणसानं कावळ्याकडे बघितलं, तर त्याला अडाणी म्हणायची माझी जीभ रेटत नाही. तूही म्हणू नकोस.

पावशा तुला ऐकवायचा राहिलाच. मे महिन्याच्या शेवटी, आभाळ नुसतं कोंदलेलं असतं आणि पाऊस नसतो, तेव्हा हा पक्षी आंब्याच्या दाट पानांत बसून ओरडतो. प्रत्येक हाक आधीच्यापेक्षा वरच्या पट्टीत जाते आणि एकदम तुटते. मग पुन्हा सुरू. रात्रीसुद्धा थांबत नाही. आपल्या लोकांनी त्या हाकेत शब्द ऐकले: ‘पेरते व्हा, पेरते व्हा’. खरं म्हणजे तो त्याचा विणीचा हंगाम. कोकिळेच्या कुळातला हा पक्षी स्वतः घरटं बांधत नाही, त्याची मादी सातभाईंच्या घरट्यात अंडी घालते. पण त्याचा हंगाम आणि पेरणीची तयारी एकाच वेळी येतात. नांगरट झाली का, बियाणं आणलं का, बांध नीट केले का, याची आठवण करून देणारा तो पक्का गडी आहे. नुसतं त्याचं ऐकून बी टाकलं मात्र, आणि पावसानं ओढ दिली, तर दुबार पेरणी नशिबी येते, आणि त्यात घरं बुडतात. म्हणून कृषी खातं 75 ते 100 मिलिमीटर पाऊस झाल्याशिवाय पेरू नका असं दरवर्षी सांगतं. शहाणा शेतकरी पावशाचं ऐकून तयारीला लागतो आणि ओल बघून पेरतो.

चातकाची गोष्ट वेगळी. डोक्यावर तुरा असलेला हा काळा-पांढरा पक्षी. त्यांतले पुष्कळ आफ्रिकेतून समुद्र ओलांडून मोसमी वाऱ्यांबरोबर येतात आणि मध्य व उत्तर भारतात पावसाच्या थोडे आधी दिसायला लागतात. तो पावसाचे थेंबच पितो ही कविकल्पना, पण तो दिसला की वारे फिरले हे बरंचसं खरं. पक्ष्यावरून पुढचं कळतं का, या तुझ्या प्रश्नाला मी मनापासून ‘हो’ म्हणेन असा आपल्याकडचा पक्षी हाच.

बाकीचे शकुन सुखाचे आहेत. भारद्वाज दिसला की दिवस चांगला जातो. दसऱ्याला नीलकंठ दिसला की वर्ष चांगलं. यांत कुणाचं काही बिघडत नाही, असं मी म्हटलं असतं, पण दसऱ्याला नीलकंठ ‘दाखवण्यासाठी’ काही ठिकाणी तो पकडतात, पंख बांधतात, पैसे घेतात. शुभ मानलेल्या पक्ष्याचे असे हाल, तर अशुभ मानलेल्याचं विचारूच नकोस. घुबड घरावर बसलं की मरण येणार म्हणून त्याला दगड मारतात, अमावास्येच्या जादूटोण्यासाठी दिवाळीच्या सुमारास त्याची शिकार होते. गव्हाणी घुबड रात्रभर उंदीर मारून शेतकऱ्याचं धान्य वाचवतं आणि त्याला आपण हे देतो. पाकिटं उचलून भविष्य सांगणारा रस्त्यावरचा पोपटही असाच, पिंजऱ्यात जन्म काढणारा. 1972 च्या वन्यजीव संरक्षण कायद्यानं हे सगळं बंद आहे आणि बंदच राहायला हवं. इथे मला परंपरेचा जराही कळवळा नाही.

रात्री ओरडणाऱ्या टिटवीलाही अशुभ मानतात. तिच्या अंड्यांजवळ कोल्हा, कुत्रा किंवा माणूस आला की ती आकांत करते. आई म्हणून मला तरी त्यात अपशकुन दिसत नाही.

पिंगळा मात्र वेगळा. लहान, ठिपकेदार घुबडाला पिंगळा म्हणतात आणि त्याची भाषा आपल्याला कळते असं सांगणाऱ्या, पहाटे कंदील आणि कुडमुडं घेऊन दारोदार फिरणाऱ्या भविष्य सांगणाऱ्यालाही पिंगळाच म्हणतात. तांबडं फुटायच्या आत येतो, घराचं बरं बोलतो, सुपातलं धान्य घेऊन पुढे जातो. त्यानं सांगितलेलं कुणी लिहून ठेवत नाही, खरं झालं का ते तपासत नाही. वर्षातून एकदा अनोळखी माणसानं दाराशी येऊन चांगलं बोलावं, एवढंच लोकांना हवं असतं, असं मला वाटतं. ती जमात आता फार कमी दिसते.

तुझी वसतिगृहातली मैत्रीण एकटा मॅगपाय दिसला की त्याला ‘गुड मॉर्निंग’ म्हणते आणि दोन दिसले की खूश होते, असं तूच मला सांगितलं होतंस. मॅगपाय कावळ्याच्याच कुळातला. लंडनच्या टॉवरमध्ये, म्हणजे तिथल्या जुन्या किल्ल्यात, तर किमान सहा रॅव्हन, म्हणजे मोठे काळे कावळे, पाळलेले असतात, ते गेले तर राज्य बुडेल म्हणून. तेव्हा तिनं दहाव्याबद्दल काही विचारलं तर संकोचून ‘आमच्याकडे असलं काहीतरी असतं’ असं म्हणू नकोस. नीट सांग. तिला कळेल.

आता मी मानते का? आजोबांच्या दहाव्याला मी तिथे असते तर मीही त्या भिंतीकडे बघत उभी राहिले असते, आणि कावळा उतरल्यावर मलाही हायसं वाटलं असतं. कावळ्याला काही कळत नाही हे माहीत असूनही. या दोन्ही गोष्टी माझ्यात एकत्र राहतात आणि त्यांचं भांडण मिटवायची मला गरज वाटत नाही.

डिसेंबरमध्ये तू आजीकडे जाशील तेव्हा पावशा आणि चातक भेटणार नाहीत, त्यासाठी जूनच हवा. भारद्वाज मात्र नक्की बघ. सकाळी लवकर, कुंपणाच्या कडेनं किंवा झुडपांखाली जमिनीवर चालताना दिसेल: कावळ्याएवढा, काळा, विटकरी पंख, लांब शेपूट, लालभडक डोळे. आवाज खोल, घुमणारा, ‘कूप कूप कूप’ असा. उडण्यात तो आळशी आहे, त्यामुळे फोटो मिळेल. आणि यंदा कावळ्याचं घरटं कुठल्या झाडावर होतं ते आजीला विचार. ती दरवर्षी बघून ठेवते. मला कळव.

तुझी,
आई