समांतर म्हणजे भूमितीत, विजेत आणि संगणकात एकच का?

नाही, आणि गोंधळ नेमका इथेच होतो. भूमितीतल्या समांतर रेषा एकाच प्रतलात असूनही कधी भेटत नाहीत. विजेच्या समांतर जोडणीत मात्र सगळ्या शाखा दोन्ही टोकांना भेटतातच! तारा वेड्यावाकड्या गेल्या तरी चालतं, दोन टोकं सामाईक हवीत. म्हणून घरातल्या दिव्याला, पंख्याला, फ्रिजला सारखेच 230 व्होल्ट मिळतात आणि एक दिवा गेला तरी बाकीचे चालू राहतात. प्रवाह मात्र वाटला जातो. 10 ओहमचे दोन रोध (विजेच्या वाटेतले अडथळे) समांतर जोडले की एकूण रोध 5 ओहमच भरतो, कारण विजेला वाट वाढली. शाळेत याचं सूत्र पाठ करून घेतात. वाटांचं चित्र काढून दाखवलं तर मुलांना चटकन कळतं.

संगणकात समांतर म्हणजे एकाच वेळी. पोळ्या लाटायला चौघं बसले तर काम लवकर उरकतं, पण कणीक मुरायला लागणारा वेळ तेवढाच राहतो. संगणकतज्ज्ञ जीन अ‍ॅमडाल यांनी 1967 मध्ये हीच मर्यादा मांडली: 10 टक्के काम एकामागून एकच करावं लागत असेल, तर कितीही प्रोसेसर लावा, वेग 10 पटींपलीकडे जात नाही.