तोफखान्याच्या रेजिमेंटला नाव नाही, नुसता नंबर. मग तिला वारसा कसला?

तुमच्या धाकट्या भावाला अग्निवीर भरतीत तोफखाना मिळाला आणि गावात कुणीतरी म्हणालं, 'मराठा नाहीतर महार रेजिमेंट मिळाली असती तर इतिहास तरी असता, याला नुसता नंबर.' त्यावरून तुम्ही हा प्रश्न विचारलाय. मी पारोळा तालुक्यातला, तोफखान्यातूनच हवालदार म्हणून निवृत्त झालो. ते बोलणं साफ चुकीचं आहे, आणि का ते भाऊ ट्रेनिंग सेंटरला जायच्या आधी कळलेलं बरं.

पायदळात पलटणीचा मान तिच्या निशाणात. तोफखान्यात परंपरेनं तोफ हेच निशाण. दसऱ्याला शस्त्रपूजेत तोफेला झेंडूची माळ घालतो, हळदकुंकू वाहतो, ती नुसती रीत नसते. तोफ टाकून मागे यायचं नाही हा गोलंदाजाचा, म्हणजे तोफ चालवणाऱ्याचा, धर्म, आणि तो पाळणारे लोक आमच्यात होऊन गेलेत. डिसेंबर 1944, ब्रह्मदेशातलं कलादान खोरं. हवालदार उमराव सिंग यांच्या तोफेवर दीड तास भडिमार करून जपानी चालून आले. हातबाँबनं जखमी झालेले उमराव सिंग शेवटी तोफेची जड लोखंडी पहार घेऊन हातघाईवर आले. हल्ला परतवल्यावर ते तोफेशेजारी निपचित सापडले, अवतीभवती दहा जपान्यांची प्रेतं. तोफ शाबूत होती, त्याच दिवशी पुन्हा धडाडली. त्यांना व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला. आता सांगा, या माणसाच्या बॅटरीला नुसता नंबर म्हणायचं?

बॅटरी म्हणजे तोफांची एक तुकडी. बॅटरी म्हटलं, कारण आमच्याकडे खरा इतिहास बॅटरीचा. साधारण तीन बॅटऱ्यांची, अठरा तोफांची एक रेजिमेंट. रेजिमेंट पुढे उभी राहिली आणि तिच्यातली एखादी बॅटरी तिच्याहून शंभर वर्षं जुनी, असंही असतं. 28 सप्टेंबर 1827 ला मुंबई इलाख्याच्या सैन्यात गोलंदाजांची एक कंपनी उभी राहिली. तीच पुढे 5 (बॉम्बे) माउंटन बॅटरी झाली आणि ती आजही सेवेत आहे. म्हणून 28 सप्टेंबर हा सगळ्या तोफखान्याचा गनर्स डे.

1857 नंतर इंग्रजांनी हिंदी माणसाच्या हातून मोठ्या तोफा काढून घेतल्या. जवळपास फक्त डोंगरी बॅटऱ्या राहू दिल्या. तोफ सुटी करून खेचरांवर लादायची, कड्यावर चढवायची आणि वर जोडून डागायची, 3.7 इंची हॉविट्झर तोफेला आठ खेचरं लागत. सत्तर-ऐंशी वर्षं आपला तोफखाना या खेचरांमागे चालत जिवंत राहिला. मोठ्या फील्ड तोफा पुन्हा हिंदी जवानांकडे आल्या त्या 15 जानेवारी 1935 ला, बंगळूरला 'ए' फील्ड ब्रिगेड उभी राहिली तेव्हा. या इतिहासातलं मला सगळ्यात जवळचं प्रकरण हेच, आणि त्याच्याबद्दल फार कमी बोललं जातं.

तोफेची ताकद आपल्या खान्देशानंही सोसलेली आहे. 1818 मध्ये मालेगाव खान्देशात मोडायचं. तिथल्या किल्ल्यातल्या अरब शिबंदीनं इंग्रजांना महिनाभर दाद दिली नाही. मे अखेरचा हल्ला पार फसला. मग जूनमध्ये जादा तोफा आणि मॉर्टर म्हणजे उखळी तोफा आल्या, आतलं दारूचं कोठार उडालं, तटाचा मोठा तुकडा ढासळला आणि शिबंदी बाहेर आली. समोरून मारा करून जे जमत नव्हतं ते वरून पडणाऱ्या गोळ्यानं केलं. कारगिलमध्ये डोंगराच्या पाठीमागच्या बंकरांवर गोळे टाकायचे होते तेव्हाही हिशोब हाच होता.

कारगिलला 1999 मध्ये अडीच लाखांवर गोळे, बाँब आणि रॉकेटं डागली गेली. द्रासमधल्या पॉइंट 5140 या शिखराला 2022 पासून 'गन हिल' म्हणतात ते त्याचसाठी. आणि नुसता नंबर म्हणता तर तेही पूर्ण खरं नाही. मोठी कामगिरी केलेल्या रेजिमेंटला त्या लढाईचं नाव सन्मान म्हणून मिळतं, 'झोजिला', 'कारगिल' अशी नावं नंबरापुढे लागतात. बाकी ब्रीद सगळ्यांचं एकच, 'सर्वत्र इज्जत-ओ-इक्बाल', म्हणजे सगळीकडे मान आणि कीर्ती. जिथे पायदळ लढलं तिथे मागे तोफ होतीच, म्हणून सर्वत्र.

भावाला एवढं सांगा. ट्रेनिंगमध्ये लेयरचं, म्हणजे तोफेचा नेम धरणाऱ्याचं, काम शिकवतील. साइटला डोळा लावून, चाक हळूहळू फिरवत, पातळीच्या नळीतला बुडबुडा बरोबर मधोमध आणायचा. कंटाळवाणं वाटेल. पण बुडबुडा केसभर सरकला तर दहा-बारा किलोमीटरवर गोळा आपल्याच पायदळाच्या जवळ पडू शकतो. पुढच्या डोंगरावरचा मराठा किंवा महार रेजिमेंटचा जवान त्याच बुडबुड्याच्या भरवशावर चढत असतो. युनिटला गेल्यावर पहिल्याच आठवड्यात बॅटरीतल्या जुन्या हवालदाराला विचारायचं, 'उस्ताद, आपली बॅटरी कधी उभी राहिली, कुठे कुठे लढली?' जुनी माणसं आनंदानं सांगतात.

सेंटर नाशिक रोडचं मिळालं तर जळगाव, चाळीसगावहून थेट गाड्या आहेत. हैदराबादचं मिळालं तर लांब पडेल. पण कुठलंही मिळो, कसम परेडला, म्हणजे शपथेच्या संचलनाला, आईवडिलांना घेऊन जाच. नाशिक रोडच्या परेडमध्ये जवानांच्या आईवडिलांना गौरव पदक देतात.