कालभंग की काळाची भेग?

चाळीसगावच्या एक ताई विज्ञानकथा लिहीत आहेत. पाटणादेवीच्या जंगलालगत एक वेधशाळा आहे, तिथं काळ मध्येच तुटण्याच्या जीवघेण्या घटनांचा अभ्यास चालतो, आणि अशी पहिली घटना घडते ती एका कपाशीच्या शेतात. ताईंनी 'कालविवर' हा शब्द योजला आहे. तो चालेल का, या काल्पनिक शास्त्राला काय म्हणावं, आणि 'कालक्षय' कसा वाटतो, असं त्या विचारतात.

ताई, 'विवर' नको. कृष्णविवरानं तो शब्द अडवून ठेवलाय; वाचक थेट अवकाशात जाईल. शिवाय विवर म्हणजे पोकळी, बीळ. तुम्हाला हवंय ते सलग असलेलं काहीतरी तुटणं. त्यासाठी 'भंग' तयार आहे: व्रतभंग, तपोभंग, छंदोभंग. आणि भूगोलाच्या तासाला घोकलेला 'प्रस्तरभंग'! खडकांत प्रस्तरभंग होऊन मधला भाग खाली गेला की खचदरी होते, आणि तापी अशाच खचदरीतून वाहते. भुसावळ-शिरपूरकडच्या वाचकाला 'कालभंग' वेगळा समजावून सांगावा लागणार नाही. शास्त्र ते कालभंगशास्त्र, अभ्यासक कालभंगतज्ज्ञ. ('कालभंगशास्त्री' मात्र टाळा, आडनाव वाटतं.)

'काळभंग'ही नको. संस्कृत वळणाच्या समासात आपण 'काल'च ठेवतो: कालखंड, कालगणना, कालबाह्य. सुटा आला की काळ. या सुट्या 'काळा'त मृत्यूही दडलेला असल्यामुळे धोक्याची छटा फुकट मिळते. 'काळ आला होता, पण वेळ आली नव्हती' ही म्हण तुमच्या कथेत अक्षरशः खरी होऊ शकते. ती वापरली नाहीत तर मला वाईट वाटेल.

पण कपाशीत उभा असलेला शेतकरी 'कालभंग झाला' म्हणणार नाही, आणि त्याच्या तोंडी तो शब्द घालूही नका. वैशाखात काळ्या रानाला पाय अडकेल एवढ्या भेगा पडलेल्या त्यानं पाहिल्या आहेत. तो अहिराणीत 'येळले भेग पडनी' म्हणेल. भेग हा शब्द फार सौम्य वाटत असेल तर एवढं आठवा की दख्खनच्या पठाराचा लाव्हा सुमारे 6.6 कोटी वर्षांपूर्वी भेगांमधूनच वर आला.

इथं क्रियापदांकडेही लक्ष द्या. तडा जातो, भेग पडते, खिंडार पडतं किंवा कुणीतरी पाडतं. तडा गेलेलं मडकं उभं असतं, फक्त झिरपतं. खिंडारातून मात्र माणूस आरपार जातो. म्हणजे धोक्याच्या पायऱ्या बोलीनं आधीच लावून ठेवल्या आहेत. वेधशाळेच्या नोंदवहीत 'तडा', 'भेग', 'खिंडार' अशाच श्रेणी असू द्या. अंक आणि इंग्रजी अक्षरं जोडून केलेल्या श्रेण्यांपेक्षा त्या वाचताना अंगावर येतील. खिंडार 'पडलं' की 'पाडलं' एवढ्या एका फरकावर तुमचं रहस्य उभं राहू शकतं.

मोजायचं एकक तर तुमच्या दाराशीच आहे. पाटणच्या शिलालेखात भास्कराचार्यांच्या नातवानं, चांगदेवानं, आजोबांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी मठ स्थापल्याची नोंद आहे. त्यांतल्या 'सिद्धांतशिरोमणी'त (1150) कालमापनाची उतरंड दिली आहे: निमिषाचा तिसावा भाग तत्पर, तत्पराचा शंभरावा भाग त्रुटी. हिशेब केला तर एका सेकंदात 33,750 त्रुटी बसतात. आणि आजच्या मराठीत त्रुटी म्हणजे उणीव, मुळात 'तुटणे' याच अर्थाच्या धातूवरून आलेली! 'भंगाची रुंदी चार त्रुटी' असं वाक्य दुसऱ्या कुठल्या शब्दानं साधेल असं मला वाटत नाही.

राहिला 'कालक्षय'. क्षय म्हणजे झीज, तीही हळूहळू होणारी. शिवाय पंचांगात क्षयतिथी असते: एका सूर्योदयानंतर सुरू होऊन पुढच्या सूर्योदयाआधीच संपलेली. ती गणितानं येते, आधीपासून ठाऊक असते आणि तिच्यानं कुणाचं काही बिघडत नाही. तुमचा भंग अवचित येणारा आहे, म्हणून हा शब्द सोडून द्या.