'सीझन'ला हंगाम म्हणावं की पर्व?

प्रश्न असा आहे: वेबमालिकेच्या 'सीझन'चा ऋतूशी काय संबंध, आणि मराठीत 'दुसरा सीझन', 'दुसरा हंगाम', 'दुसरं पर्व' यांतलं काय लिहावं?

संबंध आहे, आणि तो अमेरिकेतल्या वर्षाच्या चक्राशी आहे. तिथे रेडिओच्या काळात प्रायोजकांचे करार तेरा-तेरा आठवड्यांचे असत. १९५०च्या दशकात टीव्हीनं तेच गणित उचललं: साधारण ३९ आठवडे नवे भाग आणि उन्हाळ्याचे १३ आठवडे बदली कार्यक्रम किंवा जुने भाग, कारण उन्हाळ्यात लोक घराबाहेर असत. सुरुवात सप्टेंबरच्या सुमारास. तेव्हा शाळा उघडलेल्या असत, दिवस लहान होत आणि मोटार कंपन्यांना नव्या मॉडेलांची जाहिरात करायची असे. पुढे भाग २२-२४वर आले, तरी सप्टेंबर ते मे ही चौकट टिकली. मधल्या खंडात प्रेक्षक सुटू नये म्हणून शेवटच्या भागात गोष्ट ऐन मोक्यावर तोडायची रीत रुजली. 'डॅलस' या अमेरिकी मालिकेत मार्च १९८०मध्ये जे. आर. या पात्रावर गोळी झाडली गेली. ती कुणी झाडली हे कळायला २१ नोव्हेंबर उजाडला, कारण त्या वर्षी कलाकारांचा संपही झाला. २०१३मध्ये नेटफ्लिक्सनं 'हाउस ऑफ कार्ड्स' या वेबमालिकेच्या पहिल्या सीझनचे तेराही भाग एकाच दिवशी दिले. तिथे ऋतू उरला नाही, शब्द उरला.

म्हणून 'हंगाम' सरसकट वापरू नये. तो ठरलेल्या काळाचा शब्द आहे: गळीत हंगाम, रणजी हंगाम. जुन्या अमेरिकी वाहिन्यांच्या वेळापत्रकाबद्दल लिहिताना तो अगदी चपखल बसतो. वेबमालिकेला मात्र 'पर्व'च हवं. पर्व म्हणजे मुळात पेर, सांधा; उसाची पेरं वेगळी दिसतात, तरी ऊस एकच. महाभारताची अठरा पर्वंही तशीच. आपल्या दैनंदिन मालिका वर्षभर अखंड चालतात, त्यामुळे त्यांना पर्वं नसतात. तीच मालिका खंडानंतर परतली, तरच 'दुसरं पर्व'.

लिहिताना घोटाळे होतात ते असे. 'पर्व' नपुंसकलिंगी आहे: दुसरं पर्व, दुसऱ्या पर्वात, 'दुसरा पर्व' चूक. 'भाग' हा शब्द एपिसोडसाठी राखून ठेवावा, नाहीतर 'दुसऱ्या भागात तो मरतो' म्हणजे नक्की कुठे, ते कळत नाही. 'शेवटचं पर्व' आणि 'पर्वाचा शेवट' यांची गल्लत तर सारखी दिसते. आणि ब्रिटिश मजकुरात 'सीझन'ऐवजी 'सिरीज' असतं, तेव्हा 'तिसरी सिरीज'चं भाषांतर 'तिसरी मालिका' नव्हे, 'तिसरं पर्व' करावं.