अंगणातल्या कमळाच्या कुंडात डास होतात, पानांवर मावाही पडतो. औषध न टाकता मित्रकीटक सोडता येतील का? कुठे मिळतील?

विकत आणायची गरज नाही. पाणी तसंच राहू द्या, चतुर आणि टाचण्या (चतुरासारखेच, पण बारीक अंगाचे कीटक) आपसूक येऊन अंडी घालतात. फक्त कुंडात कोणाला कीटकनाशक ओतू देऊ नका.

नाशिकजवळ मखमलाबादला आमच्या अंगणात पाच बाय चारचा हौद आहे. त्यात कमळ, कडेला वेखंड. तीन वर्षांपूर्वी श्रावणात मुलीने चहाच्या गाळणीने त्यातून एक मातकट, सहा पायांचा किडा काढला. पांढऱ्या ताटलीत पाणी घेऊन त्याच्यापुढे डासाची अळी सोडली. त्याचा घडी घातलेला खालचा ओठ सटकन पुढे आला आणि अळी गायब! बसल्या जागी अकरा अळ्या खाल्ल्या. ते चतुराचं पिल्लू.

त्याच आठवड्यात दीर आले. द्राक्षबागायतदार, पंचवीस वर्षं फवारणी करतात. "वहिनी, हे काय किडे पाळलेत? घरात डेंगी आणाल," म्हणाले आणि मी स्वयंपाकघरात असताना गाडीतलं सायपरमेथ्रिन हे कीटकनाशक हौदात ओतलं. सकाळी चतुराची पिल्लं, उलटे पोहणारे पाणकिडे, सगळे मरून पडलेले. मुलगी दिवसभर जेवली नाही. आम्ही हौद उपसला, घासला, नवीन पाणी भरलं. पंधरवड्यात त्यात डासाच्या अळ्या वळवळत होत्या, आणि त्या खायला कोणीच नव्हतं.

पावसाळ्यात डास अंड्यातून निघून आठ-दहा दिवसांत उडतो. चतुराचं पिल्लू पाण्यात कित्येक आठवडे काढतं, काही जातींचं तर वर्षभर. म्हणजे विष दोघांनाही मारतं, पण आधी परततो तो डासच. भाऊजींना मी हे तेव्हाही सांगितलं, त्यांनी आजवर मान्य केलेलं नाही. पुढच्या वर्षी वेखंडाच्या पातीला चतुराची रिकामी कात चिकटलेली सापडली, पाठ उकललेली, आतून पांढरे धागे लोंबत होते. ती मी डबीत जपून ठेवलीय.

माव्याचं सोपं आहे. पान पाण्याखाली दाबून बोटाने चोळा. ढालकिडे दिसले तर त्यांना राहू द्या, ते मावा खातात.

हो, कुंड नवीन असेल तर सुरुवातीचे महिने चतुरांच्या भरवशावर राहू नका. तोवर बीटीआय हे जिवाणूंचं औषध टाका, ते डासांच्या अळ्या मारतं, चतुराच्या पिल्लांना धक्का लावत नाही. गप्पी मासेही चालतील, पण ते चतुराची कोवळी पिल्लंसुद्धा खातात आणि त्यांना नाल्यात किंवा गोदावरीत कधीही सोडू नका. कूलर, कुंड्यांखालच्या ताटल्या, टायर यांत चतुर कामाचे नाहीत. तिथे आठवड्याला कोरडा दिवस पाळा, म्हणजे सगळं पाणी ओतून टाका, आणि कडा घासा, कारण डेंगीच्या डासाची अंडी कोरड्यातही महिनोन्‌महिने टिकतात.

आणि घरात कोणी फवारणी करणारं असेल तर पंप हौदाजवळ किंवा शेततळ्याच्या काठावर धुऊ देऊ नका. भाऊजी अजून तिथेच धुतात.